इनामगांवचीं मातीचीं घरें

इटलींतील पाँपेई नगरांतल्या रोमन घराचें चित्र तुम्हीं इतिहासाच्या पुस्तकांत पाहिलें असेल. मधोमध उघडा चौक, सभोंवार खोल्या, भिंतींवर रंगीत चित्रें. इ. स. ७९ मध्यें ज्वालामुखीच्या राखेखालीं तें नगर गाडलें गेलें, आणि १७४८ पासून तें खणून काढण्यांत आलें. अशीं पुरातन घरें आपल्याकडे कां नाहींत, असें वर्गांत मुलें नेहमीं विचारतात. उत्तर असें कीं, तीं आहेत. आणि पाँपेईच्या घरांहून हजारांवर वर्षांनीं जुनीं आहेत. मात्र तीं ओळखण्यास निराळी दृष्टि लागते.

आपल्या पवनेचें पाणी शेवटीं भीमेला मिळतें. त्याच भीमेला पुढें घोड नदी येऊन मिळते. या घोडेच्या तीरीं, शिरूर तालुक्यांत, इनामगांव आहे. तेथील पांढरीचें उत्खनन पुण्याच्या डेक्कन कॉलेजांतील सांकळिया, ढवळीकर व अन्सारी या विद्वानांनीं १९६८ ते १९८३ या काळांत केलें, आणि शंभराहून अधिक घरांचे अवशेष उजेडांत आणले. इ. स. पूर्वीं सुमारें १६०० पासून ७०० पर्यंत तेथें वस्ती होती.

हीं घरें मातीचीं व कुडाचीं. छप्पर गवताचें. मग तीन हजार वर्षांनीं त्यांचें उरलें काय? खांब कुजून जातो. पण ज्या खळग्यांत तो पुरलेला असतो त्यांत निराळ्या रंगाची, भुसभुशीत माती भरते. जपून खरवडलें असतां अशीं वर्तुळें ओळीनें दिसूं लागतात, आणि भिंत कोठें होती तें कळतें. चोपून सारवलेली जमीन, चुलीची राख व जळून काळे झालेले जवाचे दाणे घरांतील संसार सांगतात.

एक घर पांच खोल्यांचें निघालें. शेजारींच धान्याचें कोठार होतें. त्यावरून तें गांवच्या मुख्याचें असावें. त्याच्या अंगणांत चार पायांच्या मातीच्या रांजणांत बसविलेला एक पुरुष पुरलेला आढळला. लहान मुलें मात्र घराच्या जमिनीखालींच, तोंडास तोंड लावलेल्या दोन मडक्यांत ठेवून पुरलेलीं सांपडलीं. मेलेलें लेंकरूं घराबाहेर नेणें त्या आईबापांच्या जिवावर येत असावें.

यरुशलेमांत दावीद व शलमोन राज्य करीत होते त्या सुमारास इनामगांवीं दिवस फिरले. पाऊस कमी झाला, शेती खालावली, आणि ऐसपैस चौकोनी घरांच्या जागीं लहान गोल झोपड्या आल्या. शेवटीं गांव ओस पडलें. या लोकांनीं लिहिलेला एक शब्दहि आपणांस मिळालेला नाहीं. जें कळलें तें मातीच्या थरांवरून कळलें.

म्हणूनच हा ठेवा फार नाजूक आहे. रोमन घराची दगडी भिंत लागली तर खणणारा थांबतो. मातींतील काळसर वर्तुळांपुढें कोणी थांबत नाहीं. पांढरीची माती खत म्हणून शेतांत नेण्याची चाल जुनी आहे, आणि आतां चाकणपासून पिंपरीपर्यंत कारखान्यांचे पाये यंत्रांनीं खणले जातात. थर एकदां उलटला कीं पुन्हां जुळत नाहीं. पुस्तकाचीं पानें फाडून पोत्यांत भरलीं, तर तें पुस्तक कोण वाचणार?

तेव्हां मुलांनो, कोठें खणतांना राखेचा थर वा खापरें दिसलीं तर तीं उचलूं नका. जागा लक्षांत ठेवून वडील मंडळींस व शिक्षकांस सांगा. पालकांसही विनंती आहे कीं, एखाद्या सुटींत मुलांना डेक्कन कॉलेजच्या संग्रहालयांत घेऊन जावें. इनामगांवच्या वस्तु तेथें जपून ठेविल्या आहेत. त्या पाहून आलेलें मूल पायाखालची माती निराळ्या नजरेनें पाहूं लागेल.