अलबेला भगवानदादा

गणपती विसर्जनाची मिरवणूक दादरच्या त्या चाळीपाशी आली की थांबायची. बँडवाले ‘अलबेला’तल्या गाण्याचा ठेका धरायचे आणि चाळीतून एक थकलेला, बुटका, गोलमटोल माणूस बाहेर यायचा. कोपरात वाकवलेले हात, किंचित हलणारे खांदे, जागच्या जागी पडणारी पावले. दोन-चार ठेक्यांपुरताच तो नाच असे, पण तेवढ्याने गर्दी खूश होई. मग मिरवणूक पुढे सरके. मास्टर भगवान यांच्या उतारवयातली ही आठवण दादरकर आजही सांगतात.

ही चाळ त्यांच्या आयुष्यात दुसऱ्यांदा आली होती, हे मात्र त्या गर्दीतल्या पोरासोरांना क्वचितच ठाऊक असेल.

भगवान आबाजी पालव यांचा जन्म १९१३ साली अमरावतीचा. वडील मुंबईत गिरणी कामगार. भगवाननेही अंगमेहनतीची कामे केली. पण जीव जडला होता सिनेमावर आणि व्यायामावर. १९३१ मध्ये ‘बेवफा आशिक’ या मूकपटातून त्यांचा पडद्यावर प्रवेश झाला. १९३८ मध्ये ‘बहादूर किसान’चे सहदिग्दर्शन केले आणि पुढे मारधाडीच्या चित्रपटांचा धडाकाच लावला. कमी पैशांत, झटपट तयार होणारे हे चित्रपट. सुशिक्षितांनी त्यांच्याकडे नाके मुरडली, पण दिवसभर राबून आलेला कष्टकरी वर्ग पिटात बसून शिट्ट्या मारायचा. १९४१ मध्ये त्यांनी ‘वनमोहिनी’ हा चक्क तमिळ चित्रपट दिग्दर्शित केला. त्याचे संगीतकार होते सी. रामचंद्र, म्हणजे आपले पुणतांब्याचे रामचंद्र चितळकर. दोघांची मैत्री पुढे जन्मभर टिकली.

याच धडपडीच्या काळात एक दुर्दैवी घटना घडली. १९४२ मध्ये ‘जंग-ए-आझादी’च्या चित्रीकरणात भगवान यांना ललिता पवार यांच्या थोबाडीत मारायची होती. फटका नको इतका जोरात बसला. ललिताबाईंच्या चेहऱ्याला अर्धांगवायू झाला, वर्षानुवर्षे उपचार चालले आणि डावा डोळा कायमचा अधू झाला. नायिकेचे दिवस संपले. त्याच डोळ्यानिशी त्यांनी पुढे खाष्ट सासू अजरामर केली, ही ललिताबाईंची जिद्द. त्याचे श्रेय त्या थपडेला देण्याचे कारण नाही.

चेंबूरला भगवान यांनी स्वतःचा जागृती स्टुडिओ उभारला. मारामाऱ्या पुष्कळ झाल्या, आता एखादा सामाजिक चित्रपट काढ, असे राज कपूर यांनी त्यांना सुचवले. त्यातून १९५१ मध्ये ‘अलबेला’ आला. निर्माता, दिग्दर्शक आणि नायक स्वतः भगवान, नायिका गीता बाली, गीते राजेंद्रकृष्ण यांची, संगीत सी. रामचंद्र यांचे. नाटकात नाव काढण्याची स्वप्ने पाहणारा, गरीब घरातला प्यारेलाल ही त्याची कथा. नट म्हणून नाव कमावून तो घरी परततो, तेव्हा आई हयात नसते. प्रेक्षक नाचाला जायचे आणि डोळे पुसत बाहेर पडायचे! त्या वर्षी ‘आवारा’ आणि ‘बाझी’ यांच्या पाठोपाठ याच चित्रपटाने गल्ला जमवला.

गीता बालीसारखी चपळ नायिका शेजारी असताना या स्थूल माणसाकडे नजर जायची, ती त्यांच्या नाचामुळे. ना गिरक्या, ना उड्या. शास्त्र शिकण्याची गरज नाही आणि जागाही वीतभरच लागते. वरातीच्या खच्चून भरलेल्या गर्दीत आणखी कुठला नाच करता येणार? पोट सुटलेल्या काकांनाही तो जमतो. अमिताभ बच्चन यांच्या पडद्यावरच्या नाचात अनेकांना भगवानदादा दिसतात. तेही खरेच.

‘अलबेला’ने वैभव दिले. जुहूला पंचवीस खोल्यांचा बंगला आणि दारात सात मोटारी. आठवड्याच्या प्रत्येक दिवसाला एक, असे कौतुकाने म्हटले जाई. १९५३ मध्ये ‘झमेला’ आला, पण ‘अलबेला’ची जादू पुन्हा साधली नाही. पुढे ‘हँसते रहना’ अर्धवटच राहिला. त्यात गुंतलेला पैसा बुडाला. बंगला गेला, मोटारी गेल्या, आणि कुटुंब दादरच्या चाळीत आले.

पोटासाठी मिळेल ते काम त्यांनी पत्करले. सुरुवातीला ‘झनक झनक पायल बाजे’ आणि ‘चोरी चोरी’सारख्या चित्रपटांत बऱ्या भूमिका मिळाल्या. नंतर त्या आक्रसत गेल्या. पुष्कळदा दिग्दर्शकाला हवा असे तो फक्त त्यांचा नाच, तोही मिनिटभर. ज्याने स्टुडिओ चालवला, त्याने दुसऱ्याच्या स्टुडिओत आपल्या पाळीची वाट पाहत बसायचे, हे सोपे नसणार. भरभराटीतले बरेचसे सोबती पांगले. सी. रामचंद्र, राजेंद्रकृष्ण आणि ओमप्रकाश मात्र चाळीचा जिना चढून येत राहिले.

४ फेब्रुवारी २००२ रोजी हृदयविकाराच्या झटक्याने दादरच्या घरीच भगवानदादांचे निधन झाले. वय ८८ वर्षे. २०१६ मध्ये शेखर सरतांडेल यांनी त्यांच्या जीवनावर ‘एक अलबेला’ हा मराठी चित्रपट काढला. त्यात मंगेश देसाई भगवानदादा झाले आणि विद्या बालन गीता बाली. मंगेश देसाईंनी कोपरात हात वाकवून पहिले पाऊल टाकले आणि त्या माणसाला कधीच न पाहिलेल्या तरुणांनाही हा नाच ओळखीचा वाटला. घरच्या लग्नात काकांना तो करताना त्यांनी पाहिलेला होता.