दोरा आणि किराणा : रडिक कॉर्पोरेशनच्या वाढीची रीत

अमेरिकेच्या नॉर्थ कॅरोलायना राज्यातील शार्लट शहरात मुख्यालय असलेल्या रडिक कॉर्पोरेशनकडे १९६९ पासून २०११ पर्यंत, म्हणजे चार दशकांहून अधिक काळ, दोन मुख्य व्यवसाय होते आणि त्यांचा परस्परांशी कच्चा माल, यंत्रे, गिऱ्हाईक किंवा बाजारपेठ यांपैकी कशाचाही संबंध नव्हता. त्यांपैकी एक होती ‘हॅरिस टीटर’ ही सुपरमार्केटची साखळी आणि दुसरी होती ‘अमेरिकन अँड एफर्ड’ ही शिलाईचा दोरा बनवणारी कंपनी. एकाच मालकीखाली परस्परांशी निगडित नसलेले उद्योग चालवण्याच्या पद्धतीला व्यवस्थापनशास्त्रात ‘असंबद्ध वैविध्यीकरण’ म्हणतात आणि अशा कंपन्यांकडे गुंतवणूकदार सहसा साशंक नजरेने पाहतात. रडिकचा अनुभव अभ्यासण्याजोगा ठरतो तो अशासाठी की, तिच्या दोन धंद्यांना जोडणारा दुवा मालात नसून भांडवलाच्या वाटपात होता आणि तो दुवा जोपर्यंत उपयोगी होता तोपर्यंतच ही जोडी टिकली.

दोन्ही उद्योग एकाच परिसरात वाढलेले होते. शार्लटच्या पश्चिमेला असलेला गॅस्टन परगणा सूतगिरण्यांसाठी प्रसिद्ध होता आणि तेथील माउंट हॉली या गावी १८९१ मध्ये सुरू झालेल्या गिरणीपासून अमेरिकन अँड एफर्डची परंपरा मोजली जाते. ‘अमेरिकन यार्न अँड प्रोसेसिंग’ आणि ‘एफर्ड मॅन्युफॅक्चरिंग’ या दोन कंपन्या १९५२ मध्ये एकत्र आल्यानंतर तिला आजचे नाव मिळाले. हॅरिस टीटरची घडणही अशीच विलीनीकरणातून झाली. डब्ल्यू. टी. हॅरिस यांचे शार्लटमधील दुकान आणि विलिस टीटर यांचे मूर्सव्हिल येथील दुकान ही दोन्ही १९३० च्या दशकातली होती. त्यांतून वाढलेल्या दोन साखळ्या १९६० मध्ये एक झाल्या. या दोहोंना एका छत्राखाली आणणारे डिक्सन कुटुंब मुळात रोखे आणि भांडवल यांच्या व्यवहारातले होते. रश डिक्सन यांनी उभारलेल्या गुंतवणूक पेढीचा वारसा लाभलेले त्यांचे पुत्र ॲलन आणि स्टुअर्ट यांनी १९६८ मध्ये रडिक कॉर्पोरेशनची स्थापना केली. दोऱ्याची कंपनी तिच्यात प्रथम आली आणि पुढच्याच वर्षी सुपरमार्केटची साखळी.

हा काळ अमेरिकेत बहुउद्योगी समूहांच्या भरभराटीचा होता. १९५० च्या कायद्याने एकाच उद्योगातील प्रतिस्पर्ध्यांना विकत घेण्यावर कडक निर्बंध आणले होते, त्यामुळे हाती पैसा असलेल्या कंपन्या भिन्न क्षेत्रांकडे वळत होत्या. त्या लाटेतील अनेक समूहांनी कर्ज काढून डझनावारी कंपन्या घेतल्या आणि पुढे त्या विकण्याची वेळ त्यांच्यावर आली. त्यांच्या तुलनेत रडिकने संख्येचा हव्यास धरला नाही. छपाईसारखे काही लहान व्यवसाय तिच्याकडे काही काळ होते, परंतु मुख्य भार कायम या दोन कंपन्यांवरच राहिला.

दोऱ्याच्या धंद्याचे अर्थशास्त्र वरकरणी दिसते त्यापेक्षा गुंतागुंतीचे असते. औद्योगिक शिलाईचा दोरा म्हणजे केवळ पीळ दिलेले सूत नव्हे. मिनिटाला हजारो टाके घालणाऱ्या यंत्राच्या सुईतून जाताना तो तापतो, घासला जातो आणि ताणला जातो, म्हणून पॉलिएस्टरच्या अखंड तंतूभोवती आखूड तंतूंचे वेष्टन घालून ‘गाभासूत’ तयार केले जाते, त्यावर वंगणाचा हात दिला जातो आणि मग ते शंकूच्या आकाराच्या कोनांवर गुंडाळले जाते. दोऱ्याची जाडी ‘टेक्स’ या एककात मोजतात. १००० मीटर लांबीच्या दोऱ्याचे वजन जितके ग्रॅम, तितका त्याचा टेक्स अंक. कपड्याच्या एकूण खर्चात दोऱ्याचा वाटा अगदी थोडा असतो, मात्र शिवण उसवली किंवा धुतल्यावर दोऱ्याचा रंग वेगळा दिसू लागला तर संपूर्ण कपडाच परत येतो. त्यामुळे कपडे बनवणारा कारखानदार दोऱ्याच्या बाबतीत चार पैसे वाचवण्यापेक्षा नेमकी छटा, एकसारखी गुणवत्ता आणि वेळेवर पुरवठा यांना अधिक महत्त्व देतो आणि दोरा बनवणाऱ्याला बऱ्यापैकी नफ्याचे प्रमाण राखता येते. उलट, असंख्य छटांचा साठा ठेवावा लागत असल्याने आणि माल उधारीवर द्यावा लागत असल्याने या धंद्यात खेळते भांडवल, म्हणजे रोजच्या व्यवहारात अडकून पडणारा पैसा, मोठ्या प्रमाणावर गुंतलेले राहते.

सुपरमार्केटची गणिते याच्या नेमकी उलट असतात. तेथे प्रत्येक डॉलरच्या विक्रीमागे शिल्लक राहणारा नफा काही सेंटांचाच असतो, परंतु गिऱ्हाईक रोखीने पैसे देते, माल काही दिवसांत विकला जातो आणि पुरवठादाराला पैसे देण्याची मुदत अनेकदा त्यानंतर येते. परिणामी खेळत्या भांडवलाची गरज कमी राहते. मात्र नवे दुकान उभारणे, शीतकपाटे बसवणे, वितरण केंद्रे बांधणे आणि जुनी दुकाने नव्याने सजवणे यांसाठी स्थिर भांडवल सतत ओतावे लागते. मंदीच्या काळातील वर्तनही भिन्न असते. लोक नवे कपडे घेणे लांबणीवर टाकतात, पण दूध, पाव आणि भाजी थांबत नाही.

रडिकच्या धोरणाचा पाया या भिन्नतेवर होता. १९९० च्या दशकात समूहाच्या एकूण विक्रीत दोऱ्याचा वाटा लहान असूनही नफ्यातील त्याचा वाटा बराच मोठा असे, तर भांडवली खर्चाचा मोठा हिस्सा दुकानांच्या विस्ताराकडे जात असे. मुख्य कार्यालय लहान ठेवून रोजचा कारभार दोन्ही कंपन्यांच्या व्यवस्थापकांवर सोपवावा आणि कोणत्या वर्षी कोणाला किती पैसा द्यायचा हा निर्णय मात्र वर घ्यावा, अशी ही रीत होती. कुटुंबाचा प्रभाव आणि भांडवलबाजारातील नोंदणी या दोन्ही गोष्टी एकत्र असल्याने तिमाही निकालांच्या दडपणातही काहीसा दूरचा विचार शक्य झाला.

दुकानांच्या बाबतीत हे धोरण दोन टप्प्यांत दिसते. १९८८ मध्ये ‘बिग स्टार’ साखळीची ५२ दुकाने घेऊन हॅरिस टीटरने एकदम विस्तार साधला. त्यानंतर मात्र, विशेषतः १९९७ मध्ये थॉमस डिक्सन समूहाचे प्रमुख झाल्यावर, भर संख्येपेक्षा निवडीवर आला. वॉलमार्टसारख्या स्वस्ताई विकणाऱ्या प्रतिस्पर्ध्याशी किमतीच्या मैदानात झुंजण्याऐवजी ताजी फळे, मांस-मासळी, तयार खाद्यपदार्थ, उत्तम सेवा आणि स्वच्छ मांडणी यांच्या बळावर सुस्थित वस्तीतील गिऱ्हाईक टिकवण्याचा मार्ग साखळीने धरला. कमी लाभाच्या भागांतून काढता पाय घेण्यात आला आणि नव्या दुकानांसाठी उत्तर व्हर्जिनिया व वॉशिंग्टन परिसरातील चढत्या उत्पन्नाच्या वस्त्या निवडल्या गेल्या. स्वतःची दुग्धशाळा, स्वतःची वितरण केंद्रे आणि सवलतीच्या कार्डांतून मिळणारी खरेदीची माहिती यांचा त्याला आधार होता.

दोऱ्याच्या कंपनीपुढील प्रश्न वेगळाच होता, कारण तिचे गिऱ्हाईकच देश सोडून चालले होते. १९९४ च्या उत्तर अमेरिकी मुक्त व्यापार करारानंतर शिवणकामाचे कारखाने मेक्सिकोकडे सरकले आणि देशोदेशींच्या कापड-निर्यातीवर कोटा लावणारी बहुतंतू व्यवस्था १ जानेवारी २००५ रोजी पूर्ण संपुष्टात आल्यावर हे स्थलांतर आशियाकडे अधिक वेगाने झाले. दोरा कपडा शिवला जातो तेथेच, तोही काही दिवसांच्या आत पोहोचवावा लागत असल्याने अमेरिकन अँड एफर्डला मध्य अमेरिका, चीन आणि दक्षिण आशिया येथे कारखाने, उपकंपन्या आणि भागीदाऱ्या उभाराव्या लागल्या. भारतात तिने लुधियानाच्या वर्धमान समूहाशी दोऱ्याच्या उत्पादनात भागीदारी केली. त्याच वेळी मोटारींची आसने, पादत्राणे, गाद्या आणि भरतकाम अशा कपड्यांबाहेरील उपयोगांकडेही ती वळली.

येथेच जोडीतील ताण स्पष्ट झाला. २०१० च्या आर्थिक वर्षात हॅरिस टीटरची विक्री सुमारे ४१० कोटी डॉलर होती, तर दोऱ्याची सुमारे ३० कोटी. एके काळी दोरा रोकड पुरवत असे; आता त्यालाच परदेशातील विस्तारासाठी भांडवल, परकीय चलनाची जोखीम पत्करण्याची तयारी आणि वरिष्ठांचे पूर्ण लक्ष हवे होते, आणि हे सर्व अशा कंपनीकडे मागितले जात होते जिचा कारभार बहुतांशी किराणा दुकानांचा झाला होता. दोन धंद्यांचे एकत्र मूल्य त्यांच्या वेगवेगळ्या मूल्यांच्या बेरजेपेक्षा बाजाराने कमी धरणे, ज्याला ‘समूह-सूट’ म्हणतात, हा धोकाही अशा वेळी वाढतो, कारण किराण्यात गुंतवणूक करू पाहणाऱ्यास दोऱ्याची जोखीम नको असते.

नोव्हेंबर २०११ मध्ये रडिकने दोऱ्याची कंपनी ‘केपीएस कॅपिटल पार्टनर्स’ या खासगी गुंतवणूक संस्थेला सुमारे १८ कोटी डॉलरना विकली आणि २०१२ मध्ये स्वतःचे नाव बदलून हॅरिस टीटर सुपरमार्केट्स असे केले. एकाच व्यवसायाची, कर्जाचा मोठा भार नसलेली आणि चांगल्या वस्त्यांत पाय रोवलेली ही साखळी साहजिकच मोठ्या खरेदीदाराच्या नजरेत भरली. जुलै २०१३ मध्ये क्रोगर या मोठ्या सुपरमार्केट कंपनीने ती सुमारे २५० कोटी डॉलरना घेण्याचा करार जाहीर केला आणि जानेवारी २०१४ मध्ये तो पूर्ण झाला, तेव्हा तिच्याकडे दोनशेहून अधिक दुकाने होती. दोऱ्याच्या कंपनीनेही आपल्या क्षेत्रात वाढ साधली. २०१४ मध्ये तिने जर्मनीची प्रसिद्ध दोरा कंपनी ग्युटरमान ताब्यात घेतली, जे किराण्याच्या साखळीशी बांधलेल्या काळात तितके सहज घडले नसते.

किराणा आणि वस्त्रोद्योग एकत्र असण्याचे उदाहरण भारतीय वाचकाला परके नाही. १९८० च्या दशकात रायगड जिल्ह्यातील पाताळगंगा येथे पॉलिएस्टर धाग्याचा कारखाना काढणाऱ्या रिलायन्सने २००६ मध्ये किराणा-भाजीच्या दुकानांत पदार्पण केले. तेथेही जुन्या उद्योगांतून मिळणाऱ्या पैशावर नवा व्यवसाय उभा राहिला, मात्र रिलायन्सचा आवाका आणि भांडवल उभारण्याची क्षमता इतकी मोठी आहे की रडिकसारखी निवड करण्याची वेळ तिच्यावर त्याच स्वरूपात आली नाही.

रडिकच्या वाटचालीवरून असे म्हणता येते की असंबद्ध व्यवसाय एकत्र ठेवणे हे स्वतःहून चुकीचे नसते. त्यांच्या रोकडीची चक्रे परस्परांना पूरक असतील आणि वाटप करणारा हात शिस्तीचा असेल तर मध्यम आकाराची कंपनीही त्यावर दीर्घकाळ वाढू शकते. परंतु पूरकता ही परिस्थितीने निर्माण केलेली असते, व्यापाराचे नियम बदलले की तीही बदलते, म्हणून अशा समूहाच्या संचालकांनी दोन्ही धंद्यांच्या वाढीची आखणी करतानाच, एखाद्या धंद्याला आपल्यापेक्षा चांगला मालक बाहेर मिळू शकतो का, हा प्रश्नही वेळोवेळी विचारात घेणे आवश्यक ठरते. रडिकने तो प्रश्न विचारला आणि तिचे दोन्ही व्यवसाय नव्या मालकांकडे चालते-वाढते राहिले, हे तिच्या धोरणाचे अपयश नव्हे तर त्याची तर्कसंगत परिणती मानावी लागेल.