मर्दानगीचा पंचनामा

मार्गशीर्षात दत्तजयंतीच्या सुमारास तापीकाठच्या सारंगखेड्यास एकमुखी दत्ताची यात्रा भरते, आणि मारवाड, काठेवाड, पंजाब अशा दूरदूरच्या मुलखांतून आणलेल्या घोड्यांचा जो बाजार तेथे मांडला जातो, त्याची ख्याती देशभर आहे. जनावराची चाल, कानांची ठेवण, अंगावरचे भोवरे पारखणाऱ्या, फेट्याचा तुरा सावरीत सौदा ठरविणाऱ्या त्या गर्दीत पुरुषाचा रुबाब कशात असतो याविषयीची एक पुरातन समजूत अगदी निरागसपणे वावरत असते. याच समजुतीचा पंचनामा करण्यासाठी एका माहितीपटकाराने आपल्या आयुष्याचा मोठा भाग वेचला, ते आनंद पटवर्धन.

१९५० साली मुंबईत जन्मलेल्या पटवर्धनांनी १९७४ च्या बिहार आंदोलनाचे चित्रण करून या मार्गावर पाऊल टाकले. पुढे आणीबाणीतील राजकीय कैदी, मुंबईतील झोपडपट्टीवासी आणि अयोध्येचा वाद हे त्यांचे विषय झाले. परंतु स्त्रीपुरुष समतेच्या दृष्टीने त्यांची सर्वांत मर्मभेदी कृती म्हणजे १९९५ चा ‘पितृ, पुत्र और धर्मयुद्ध’ हा दोन भागांचा, दोन तासांचा माहितीपट होय. १९८७ मध्ये राजस्थानातील देवराळा येथे घडलेले सतीचे प्रकरण आणि १९९२-९३ ची मुंबईची दंगल या वरवर परस्परांशी असंबद्ध वाटणाऱ्या घटना त्यांनी एका सूत्रात ओवल्या, आणि धर्माच्या नावाने उगारलेल्या हातामागे आपण कमी मर्द ठरू की काय ही भीती दडलेली असते, असे निदान मांडले. दुसऱ्या भागात रस्त्यावर शक्तिवर्धक औषधे विकणाऱ्या वैदूंपर्यंत त्यांचा कॅमेरा जाऊन पोहोचतो. महाराष्ट्रातील बहुतेक जत्रांत असला जडीबुटीवाला आपण पाहिलेला असतो व हसून पुढे गेलेलो असतो. पटवर्धन तेथे थांबले, एवढाच काय तो फरक, पण तो फार मोठा आहे.

या माहितीपटास राष्ट्रीय पुरस्कार मिळाले, तरीही दूरदर्शनने तो दाखविण्यास नकार दिला. दुसऱ्या भागास ‘केवळ प्रौढांसाठी’ असे प्रमाणपत्र असल्याची सबब पुढे आली, प्रकरण उच्च न्यायालयातून सर्वोच्च न्यायालयात गेले, आणि २००६ साली न्यायालयाने प्रक्षेपणाचा हुकूम कायम केला. ज्याला सरकारनेच गौरविले, त्याच्या दर्शनासाठी प्रेक्षकाने दहा-अकरा वर्षे थांबावे, हा आपल्या दफ्तरी कारभाराचा मासला कोणत्याही माहितीपटाइतकाच बोलका आहे.

‘पितृ, पुत्र और धर्मयुद्ध’च्याच सुमारास सीमंतिनी धुरू यांच्यासह पटवर्धनांनी केलेली ‘नर्मदा डायरी’ तर सारंगखेड्याच्याच नंदुरबार जिल्ह्याची, कारण सरदार सरोवर धरणाने बाधित झालेली महाराष्ट्रातील ३३ गावे अक्कलकुवा व अक्राणी भागांतील आहेत. नंदुरबार जिल्हा १९९८ मध्ये वेगळा होईतो ती धुळ्याच्या दफ्तरी होती. मणिबेलीसारख्या गावांचा बुडिताविरुद्धचा लढा या डायरीत वर्षानुवर्षांच्या नोंदींप्रमाणे उलगडतो. रचनेच्या बंदिस्तपणात ती आधीच्या माहितीपटाइतकी घट्ट नाही. परंतु पाणी चढत असताना घोटीव रचनेचा हट्ट धरणे मला तरी अप्रशस्तच वाटले असते.

आता ज्या शहादे तालुक्यात सारंगखेडे आहे, त्याचीच गोष्ट पाहू. येथील सुपीक काळ्या जमिनी भिल्लांच्या हातून सावकारीच्या व्यवहारांत निसटल्या, आणि मूळचे मालक त्याच शेतांवर सालदार म्हणून राबू लागले. अंबरसिंग सुरतवंती यांनी या लोकांना संघटित केले. ३० जानेवारी १९७२ रोजी शहाद्यास भूमुक्ती परिषद भरली आणि त्याच वर्षी श्रमिक संघटना उभी राहिली. मोर्च्यांत घोषणा देण्यात अग्रभागी असलेल्या आदिवासी स्त्रियांनी लवकरच पुरुष सहकाऱ्यांना अडचणीत टाकणारा प्रश्न विचारला: मालकाचा जुलूम मोडायचा, मग दारू पिऊन घरी मारणाऱ्या नवऱ्याचे काय? त्या गावोगाव फिरल्या, दारूची मडकी फोडली, बायकोला मारणाऱ्यास चारचौघांत जाब विचारला. मारिया मीस या जर्मन विदुषीने १९७६ साली शहाद्याच्या चळवळीवर लेख लिहिला आणि ती चळवळ जगातील अभ्यासकांपर्यंत गेली. ज्या मर्दानगीचा छडा पटवर्धनांनी नव्वदीच्या दशकात कॅमेऱ्याने लावला, तिला या स्त्रियांनी वीस वर्षे आधी, अक्षरओळख नसतानाही, भर गावात उभे करून जाब विचारला होता. माझ्या मते त्यांचा पुरावा अधिक भक्कम आहे, कारण त्यांना त्याच पुरुषांबरोबर संसार करावयाचा होता.

पटवर्धनांचे मोठेपण त्यांच्या चिकाटीत आहे. १९९७ मध्ये मुंबईच्या रमाबाई नगरात झालेल्या गोळीबारात दहा दलित मारले गेले, आणि त्या वेदनेत शाहीर विलास घोगरे यांनी आत्महत्या केली. त्यावरचा पटवर्धनांचा ‘जय भीम कॉम्रेड’ हा माहितीपट पूर्ण व्हावयास त्यानंतर चौदा वर्षे लागली. हे माहितीपट चित्रपटगृहांच्या वाटेने फारसे फिरत नाहीत; वस्त्या, महाविद्यालये, संघटनांच्या बैठका ह्याच त्यांच्या वाटा.

म्हणून यात्रेच्या व्यवस्थापकांना एक विनंती करावीशी वाटते. तंबूतला सिनेमा जत्रेला नवा नाही. येत्या दत्तजयंतीस घोड्यांच्या बाजारालगत एखादी संध्याकाळ राखून ठेवावी, ‘पितृ, पुत्र और धर्मयुद्ध’चा पडदा लावावा, आणि शहादे तालुक्यातील त्या चळवळीत असलेल्या ज्या वृद्ध स्त्रिया आज हयात असतील, त्यांना पुढच्या रांगेत मानाने बसवून नंतर बोलावयास सांगावे.