घरावरील कर्ज आणि त्याची खरी किंमत



‘घर पाहावे बांधून आणि लग्न पाहावे करून’ ही म्हण ज्या काळी रूढ झाली, त्या काळी घर बांधणारास विटा, चुना, सागाचे लाकूड आणि गवंड्याची मजुरी एवढ्यांचा हिशेब करावा लागे. आज त्या हिशेबात आणखी एका जिनसेची भर पडली आहे. ती बहुधा इतर सर्वांहून महाग असते. तथापि तिचा भाव पुष्कळ घरांत विचारलाच जात नाही. ती जिन्नस म्हणजे मुदत. दुसऱ्याचा पैसा जितका काळ आपल्यापाशी राहावयाचा तितका काळ. तिची किंमत कशी काढावयाची, हा आजच्या भाषणाचा विषय आहे.

नांदेडास गोदावरीपलीकडे सिडको आणि हडको या नावांच्या वसाहती आहेत. तेथे वाढलेल्या मुलांस ही नावे गावांच्या नावांसारखीच वाटत असतील. परंतु मुळात ती दोन संस्थांची नावे होत. सिडको ही महाराष्ट्र शासनाने १९७० साली स्थापिलेली नगरे वसविणारी कंपनी, आणि हडको ही केंद्र सरकारने त्याच वर्षी घरबांधणीस कर्ज पुरविण्याकरिता काढलेली कंपनी. कर्ज देणाऱ्या संस्थेचे नाव वस्तीला पडावे, यात काळाची खूण आहे. पुढे १९७७ साली हसमुखभाई पारेख यांनी मुंबईस एच.डी.एफ.सी. स्थापन केली आणि साध्या पगारदारासही घराकरिता दीर्घ मुदतीचे कर्ज मिळू लागले. त्यापूर्वी मनुष्य निवृत्तीच्या सुमारास, फंडाच्या पैशांतून घर बांधी. आता तो तिशीतच घरात राहावयास जातो आणि निवृत्तीपर्यंत त्याची किंमत भरीत राहतो. ही सोय मोठी आहे, यात शंका नाही. परंतु सोयीलाही मोल असते.

गहाण ही गोष्ट आपल्या समाजास नवी नाही. कब्जेगहाण, नजरगहाण हे शब्द आपल्या वाडवडिलांच्या तोंडी होते. १८७५ साली पुणे जिल्ह्यातील सुपे येथे शेतकऱ्यांनी दंगा केला, तेव्हा त्यांचा रोख मुख्यतः सावकारांच्या दप्तरांतील खतांवर होता. खते मिळवून ती त्यांनी जाळून टाकली. त्या दंग्यानंतर १८७९ साली दख्खनच्या शेतकऱ्यांकरिता जो कायदा झाला, त्यात कोर्टास खत बाजूस ठेवून देण्याघेण्याचा मूळ हिशेब तपासण्याचा अधिकार मिळाला. आपला मराठवाडा तेव्हा निजामाच्या मुलखात असल्यामुळे तो कायदा आपल्यास लागू नव्हता. पण त्यातील तत्त्व ध्यानात ठेवण्याजोगे आहे. कागदावर सही काय झाली यापेक्षा हिशेब काय आहे, हे अधिक महत्त्वाचे.

याहून जुना एक नियम आहे, तो दामदुप्पटीचा. व्याजाची थकबाकी कितीही साचली तरी एका वेळी मुद्दलाहून अधिक व्याज मागता येऊ नये, असे आपल्या धर्मशास्त्रकारांनी सांगितले, आणि इंग्रजी अमदानीत मुंबई इलाख्यातील न्यायालयांनीही ते हिंदू ऋणकोंपुरते मानले. आता असे पाहा की, आज सभ्य रीतीने, वाजवी दराने आणि वेळच्या वेळी फेडलेल्या घराच्या कर्जावरही मुद्दलाहून अधिक व्याज भरले जाते, आणि त्यात नियमभंग मुळीच होत नाही. कारण हे व्याज साचत नाही. ते महिन्याच्या महिन्यास घेतले जाते. जे एकदम मागितले असता मनुष्य दचकला असता, ते दोनशे चाळीस तुकडे करून मागितल्यामुळे त्याच्या ध्यानातही येत नाही.

हे प्रत्यक्ष आकड्यांनी पाहू. एका गृहस्थाने ३० लक्ष रुपये दरसाल दरशेकडा ९ टक्के दराने, २० वर्षांच्या मुदतीने घेतले असे धरा. नऊ टक्के म्हणजे जुन्या भाषेत शेकडा दरमहा बारा आणे. आपल्याकडे खाजगी देण्याघेण्यात लोक ‘दोन टक्के’, ‘तीन टक्के’ म्हणतात ते महिन्याचे असतात, म्हणजे वर्षाचे चोवीस आणि छत्तीस. त्यांच्या मानाने हा दर सौम्यच म्हटला पाहिजे. या कर्जाचा मासिक हप्ता २६,९९२ रुपये येतो. हा आकडा प्रत्येकजण विचारतो आणि आपल्या पगाराशी ताडून पाहतो. परंतु त्यास २४० ने गुणण्याचे कष्ट फार थोडे घेतात. गुणाकार केला असता सुमारे ६४ लक्ष ७८ हजार रुपये होतात. मुद्दल ३० लक्ष, व्याज ३४ लक्ष ७८ हजार.

आता हप्त्याच्या पोटात शिरून पाहू. पहिल्या महिन्याचे व्याज २२,५०० रुपये. म्हणजे पहिल्या हप्त्यातून मुद्दल फिटले ते केवळ ४,४९२ रुपये. दुसऱ्या महिन्यास किंचित अधिक, तिसऱ्यास त्याहून किंचित अधिक, असा हा क्रम आहे. पाच वर्षांत या गृहस्थाने सुमारे १६ लक्ष १९ हजार रुपये भरलेले असतात. पण मुद्दल उतरते ते ३ लक्ष ३९ हजारांनी. बाकी २६ लक्ष ६१ हजार उभीच. निम्मे मुद्दल केव्हा फिटते? दहा वर्षांनी असे पुष्कळांस वाटते. वास्तविक ते चौदा वर्षांनी फिटते. रामाचा वनवास संपला, तेव्हा या गृहस्थाचे कर्ज नुकते अर्ध्यावर आलेले असते. यात बँकेची लबाडी नाही. शिलकेवर व्याज आणि हप्ता समान, या दोन अटी मान्य केल्या की गणिताने हेच उत्तर येते.

मुदतीचा प्रभाव किती, हे यावरून समजते. हेच कर्ज १५ वर्षांत फेडावयाचे तर हप्ता ३०,४२८ रुपये होतो. म्हणजे दरमहा ३,४३६ रुपये अधिक. परंतु एकंदर व्याज २४ लक्ष ७७ हजारांवर येते, आणि दहा लक्ष रुपये वाचतात. उलट मुदत ३० वर्षांची केली तर हप्ता २४,१३९ रुपये होतो. दरमहा २,८५३ रुपयांची सवलत पाहून मन सुखावते. पण त्या सवलतीची किंमत २२ लक्ष ११ हजार रुपये जादा व्याज, ही आहे. ‘हप्ता किती कमी करून देता?’ असे विचारणारास म्हणूनच सावध केले पाहिजे. हप्ता कमी करणे फार सोपे. त्यासाठी मुदत लांबविली की झाले.

येथवर दर कायम राहील असे आपण धरले. परंतु आज बहुतेक घरकर्जे बदलत्या दराची असतात. १ ऑक्टोबर २०१९ पासून बँकांनी दिलेल्या अशा नव्या कर्जांचा दर बाहेरच्या एखाद्या मानदंडाशी, बहुधा रिझर्व्ह बँकेच्या रेपो दराशी, बांधलेला असतो. मे २०२० पासून तो दर ४ टक्के होता. मे २०२२ पासून तो चढू लागला आणि फेब्रुवारी २०२३ मध्ये साडेसहावर गेला. अडीच टक्के ही वाढ कानांस लहान लागते. आपल्या उदाहरणात केवळ दीड टक्का वाढवून पाहा. सुरुवातीसच दर साडेदहा झाला आणि हप्ता तोच ठेविला, तर व्याजच २६,२५० रुपये होते. मुद्दलासाठी उरतात अवघे ७४२ रुपये. वीस वर्षांचे कर्ज चौतीस वर्षांहूनही लांबते. आणि दर साडेअकरा झाला, तर महिन्याचे व्याज २८,७५० रुपये, म्हणजे हप्त्याहूनही अधिक; मग प्रत्येक महिना भरूनही कर्ज वाढतच जाते. दर उतरले की याच्या उलट लाभही होतो, हे खरे. परंतु ज्याचा हप्ता बदलला नाही त्याने आपले काहीच बदलले नाही असे समजू नये. त्याचे निवृत्तीचे वर्ष आणि कर्जमुक्तीचे वर्ष यांची उलटापालट झालेली असू शकते.

आणखी एक फसवा शब्द ‘सपाट’ व्याजाचा. त्यात व्याज शिलकेवर नव्हे, तर मूळ रकमेवर शेवटपर्यंत आकारतात. ३० लक्षांवर सपाट ६ टक्के दराने वीस वर्षांचे व्याज ३६ लक्ष होते. म्हणजे शिलकेवरील ९ टक्क्यांहूनही अधिक. सहा हा आकडा नवापेक्षा लहान आहे, पण हे सहा त्या नवापेक्षा महाग आहेत.

आता दुसरी बाजूही निःपक्षपातीपणे सांगितली पाहिजे. व्याज म्हणजे सारा तोटा नव्हे. तशाच घराचे भाडे आज दरमहा ९,००० रुपये आहे आणि ते दरसाल पाच टक्क्यांनी वाढते असे धरले, तर वीस वर्षांत भाड्यापोटी सुमारे ३५ लक्ष ७१ हजार जातात, आणि शेवटी हाती घर राहत नाही. शिवाय महागाई दरसाल पाच टक्के असेल, तर वीस वर्षांनंतरचा रुपया आजच्या सुमारे ३८ पैशांच्या योग्यतेचा राहील. यास्तव शेवटचे हप्ते पहिल्यांइतके जड वाटत नाहीत. पण हे केव्हा? उत्पन्नही महागाईबरोबर वाढले तर. आयकरात जी व्याजाची सूट पूर्वीपासून आहे, तीही जुनी पद्धत स्वीकारणारासच, स्वतः राहत्या घराकरिता वर्षाला २ लक्षांपर्यंत मिळते; नवी पद्धत घेणारास राहत्या घरावर ती मिळत नाही. मुद्रांकशुल्क, नोंदणी, घरपट्टी आणि दुरुस्ती हे खर्च या सर्वांहून वेगळे.

आणि एक जोखीम आहे, जी आपल्या भागास समजावून सांगण्याची आवश्यकता नाही. ३० सप्टेंबर १९९३ च्या पहाटे किल्लारीच्या भूकंपाने लातूर आणि तत्कालीन उस्मानाबाद जिल्ह्यांतील गावेच्या गावे जमीनदोस्त केली. घर हे अचल आहे म्हणून अढळ आहे, असे नाही. गहाणाची वास्तू पडली तरी कर्ज पडत नाही. ते कर्जदाराच्या माथी तसेच राहते. म्हणून घराचा विमा आणि मिळवत्या माणसाच्या आयुष्याचा विमा या दोहोंचा खर्च कर्जाच्या किमतीतच धरावा. मात्र विम्याचा हप्ता कर्जात मिळवून घेऊ नये. ६०,००० रुपयांचा विमा कर्जात घातला, तर त्याच दराने आणि मुदतीने त्याचे सुमारे १ लक्ष २९ हजार ५०० रुपये होतात. हप्ते थकले तर काय, हेही माहीत असावे. २००२ च्या कायद्यान्वये, खाते बुडीत सदरात गेल्यावर, बँक साठ दिवसांची नोटीस देऊन दिवाणी दावा न लावता गहाण मालमत्तेचा ताबा घेण्याच्या मार्गास लागू शकते.

मग उपाय काय? सर्वांत उत्तम उपाय, सुरुवातीच्या वर्षांत जादा रक्कम भरणे. आपल्या गृहस्थाने पहिल्या वर्षाच्या शेवटी एकदाच १ लक्ष रुपये मुद्दलात भरले आणि हप्ता तोच ठेविला, तर शेवटचे १९ हप्ते कमी होतात, म्हणजे ५ लक्ष १२ हजारांहून अधिक रुपये द्यावे लागत नाहीत. तोच लक्ष रुपया अठराव्या वर्षी भरला तर लाभ अगदी थोडा. व्यक्तीने स्वतःकरिता घेतलेल्या बदलत्या दराच्या घरकर्जावर अशा फेडीबद्दल दंड आकारता येत नाही, हे बँकेत जाताना ध्यानात असावे.

कर्जदारास अलीकडे आणखी काही हक्क मिळाले आहेत. ऑगस्ट २०२३ मधील रिझर्व्ह बँकेच्या आदेशाप्रमाणे, दर बदलून हप्ते नव्याने ठरताना हप्ता वाढवावयाचा की मुदत, हे निवडण्याची मुभा कर्जदारास दिली पाहिजे. आणि दर तिमाहीस किती मुद्दल फिटले, किती व्याज गेले व किती हप्ते उरले याचे पत्रक त्यास मिळाले पाहिजे. १ ऑक्टोबर २०२४ पासूनच्या नव्या कर्जांत, सर्व आकार धरून वर्षाचा खरा दर किती पडतो, हे दर्शविणारे पत्रक सहीपूर्वी देणे आवश्यक आहे. कर्ज पुरे फिटल्यावर ३० दिवसांच्या आत मूळ दस्तऐवज परत मिळाले पाहिजेत. बँकेच्या चुकीने विलंब झाल्यास दिवसाला ५,००० रुपये भरपाई ठरविलेली आहे.

१८७९ च्या कायद्याने खतापलीकडे जाऊन हिशेब पाहण्याचे काम न्यायाधीशाकडे दिले होते. आज ते काम घरातल्या घरात करता येते. कागद, पेन्सिल आणि तासभर वेळ एवढे साहित्य पुरे. सही करण्यापूर्वी पतिपत्नींनी एकत्र बसून चार प्रश्नांची उत्तरे लिहून काढावीत. एकंदर किती रुपये जातील? शेवटचा हप्ता येईल तेव्हा आपले वय काय असेल? दर दोन टक्के चढला तर आपण काय करू? आणि मिळवते माणूस सहा महिने घरी बसले तर हप्ता कोठून येईल? चारही उत्तरे समाधानकारक आली, तर घर अवश्य घ्यावे आणि त्यात सुखाने नांदावे. एकाचेही उत्तर अडले, तर एक खोली कमी असलेले घर घ्यावे, किंवा दोन वर्षे थांबून पदरची रक्कम वाढवावी.