चार दिवसांचा महिना होतो तेव्हा

‘चार दिवस सासूचे’ ही ईटीव्ही मराठीवरची मालिका २००१ साली सुरू झाली आणि २०१३ साली संपली. भाग झाले तीन हजारांच्या वर. आज कुणी ती सलग बघायला बसलं तर किती वेळ लागेल? जाहिराती वगळून एक भाग २२ मिनिटांचा आणि भाग तीन हजारच धरू. झाली ६६,००० मिनिटं. साठाने भागलं की ११०० तास, त्याला चोविसाने भागलं की ४५ दिवस आणि वर २० तास. नावात चारच दिवस असले तरी दीड महिन्याची निश्चिंती, तीही डोळ्याला डोळा न लावता!

हा भागाकार कागदावर केला तर चुकत नाही, कॅल्क्युलेटरवर हमखास फसवतो. ‘लॉजिस्टिक्स’ हा २०१२चा स्वीडिश प्रायोगिक चित्रपट घ्या. पावलं मोजणारं एक छोटं यंत्र स्टॉकहोमच्या दुकानात कुठून आलं, याचा माग तो चीनमधल्या कारखान्यापर्यंत उलटा काढतो. बराचसा प्रवास मालवाहू जहाजाचा, आणि तोही खऱ्या वेगाने. लांबी ५१,४२० मिनिटं, म्हणजे ८५७ तास. त्याला २४ने भागलं की कॅल्क्युलेटर ३५.७०८ दाखवतो आणि आपण बिनदिक्कत ‘३५ दिवस ७ तास’ म्हणून मोकळे होतो. २.७५ तासांना पावणेतीन म्हणणारा माणूसही इथे चकतो. दशांश चिन्हाच्या पुढचा आकडा तासांचा नसून दिवसाच्या अंशाचा आहे. ०.७०८ला २४ने गुणा, १७ तास येतील. कागदावर तर सरळ १७च बाकी उरते.

इथवर शाळेतलं गणित झालं. आंबिवलीच्या फलाटावर टिटवाळ्याहून किंवा कसाऱ्याहून येणाऱ्या लोकलची वाट बघत उभ्या असलेल्या, स्पर्धा परीक्षेची तयारी करणाऱ्या नोकरदार मुलाला पुढची पायरी लागते. यूट्यूबवर एक व्हिडिओ फार तर १२ तासांचा चढवता येतो, म्हणून मोठा अभ्यासक्रम तुकड्यांच्या प्लेलिस्टमध्येच येतो. समजा, त्यात १२० व्हिडिओ आहेत, सरासरी ४८ मिनिटांचे. एकूण ५,७६० मिनिटं, ९६ तास, बरोबर चार दिवस. ‘चार दिवसांचं तर काम’ असं वाटतं ते इथेच.

पण चोवीस तासांचा दिवस त्याच्याकडे आहेच कुठे? आंबिवली ते सीएसएमटी दीड तास धरा. जाऊन-येऊन तीन. शहाड गेलं की कल्याणला गर्दीचा लोंढा आत घुसतो. मग फोन खिशात आणि इअरफोन कानात, बघण्याऐवजी ऐकणंच. तरी हे तीन तास त्याचे हक्काचे. तेव्हा भागायचं ते २४ने नाही, ३ने. ९६ भागिले ३, म्हणजे ३२ दिवस. रविवार आणि सुट्ट्या सोडल्या तर सव्वा महिना सहज जातो.

वेग वाढवला तर? दीडपट वेगावर वेळ निम्मा होत नाही, दोन तृतीयांश होतो: ९६चे ६४ तास. तिनाने भागले की २१ दिवस आणि एक तास बाकी, म्हणजे बाविसावा दिवस उजाडणार. तरीही कामाच्या दिवसांचा जवळजवळ महिनाच. सव्वापट वेगावर वेळ चार पंचमांश, दुपटीवर निम्मा. आकडेमोडीचे तास डोक्यावरून जाऊ लागले तर वेग उतरवावा. तोच भाग पुन्हा ऐकण्यात वाचवलेला वेळ जातोच.

खरं तर हा हिशेब उलटा मांडणंच शहाणपणाचं. परीक्षेआधी कामाचे ४० दिवस उरलेत, रोज तीन तास, वेग दीडपट: ४० गुणिले ३ गुणिले दीड, म्हणजे १८० तासांचे व्हिडिओ. त्यातले तीसएक तास उजळणीला बाजूला काढा. उरलेल्या दीडशे तासांत बसेल तीच प्लेलिस्ट निवडा. ३०० तासांचा ‘संपूर्ण’ कोर्स कितीही फुकट असला तरी तो या परीक्षेसाठी नाही.