सज्ञान कन्या कोणाच्या ताब्यांत?

'हेबियस कॉर्पस'चा अर्ज बंदिवानास मुक्त करण्यासाठीं आहे. सज्ञान कन्येस पित्याच्या ताब्यांत देण्यासाठीं नव्हे. तथापि केरळांत २०१७ सालीं पित्याच्या अशाच अर्जावर हायकोर्टानें २४ वर्षांच्या एका स्त्रीचा विवाह रद्द ठरवून तिला पितृगृहीं धाडलें! ता. ८ मार्च २०१८ रोजीं सुप्रीम कोर्टानें तो निकाल फिरविला, हें योग्यच झालें. अशा अर्जांत प्रश्न एकच: तिला कोणीं डांबून ठेवलें आहे काय? तिनें कोर्टापुढें निर्भयपणें 'नाहीं' म्हटलें कीं कोर्टाचें काम संपलें. पित्याचें दुःख आम्ही जाणतों. पण वात्सल्य म्हणजे मालकी नव्हे. कायद्यानें अठराव्या वर्षीं संपणारें पालकत्व आमच्या घरांत मात्र आमरण चालतें, हीच खरी शोचनीय गोष्ट होय.