बटणांच्या मोबाइलवरचे गेम टचस्क्रीनवर

पंधरा-वीस वर्षांपूर्वी नाशिकच्या एम. जी. रोडवर मेमरी कार्डात गाणी भरून घेताना दोन-चार गेमही टाकून मिळत. त्यांच्या फाइलच्या नावाशेवटी ‘डॉट जार’ असे. तसे कार्ड अजून घरात असेल, तर ते गेम आजच्या अँड्रॉइड मोबाइलवर खेळता येतात. मात्र नोकिया ११०० वरचा साप असा येणार नाही; तो जावा गेम नव्हता, हँडसेटमध्येच बसवलेला होता.

जावा गेम एखाद्या हँडसेटच्या चिपसाठी लिहिलेला नसे. हँडसेटमध्ये जावाची छोटी आवृत्ती, म्हणजे जेटूएमई, असायची. गेम तिला सूचना देई आणि ती पडदा, बटणे, आवाज सांभाळी. आजच्या मोबाइलमध्ये हा मधला दुभाष्या नाही. जुन्या हँडसेटची नक्कल करणारे अ‍ॅप, म्हणजे एम्युलेटर, त्याची जागा घेते.

अँड्रॉइडसाठी ‘जेटूएमई लोडर’ हे मोफत अ‍ॅप घ्या. अधिकचे चिन्ह दाबून जार फाइल निवडा. अ‍ॅप आतला कोड अँड्रॉइडला समजेल अशा रूपात बदलते, म्हणून सुरुवातीला थोडे थांबावे लागते.

मग सेटिंग येते. इथे घाई करू नका. बरेच गेम ठरावीक पडद्यासाठी काढलेले असत: १२८ बाय १६०, १७६ बाय २०८ किंवा २४० बाय ३२०. चुकीचे माप दिले, तर चित्र कोपऱ्यात राहते किंवा कापले जाते. फाइलच्या नावात माप असेल तर तेच द्या. नसेल तर २४० बाय ३२० पासून सुरुवात करा.

पडद्यावर आकड्यांचा कीपॅड उमटतो. बहुतेक गेममध्ये २, ४, ६, ८ ने दिशा आणि ५ ने मारा. ‘मेनू’ किंवा ‘बॅक’ चालत नसेल, तर कीपॅडचा प्रकार बदला. त्या दोन बटणांचे कोड नोकिया, सीमेन्स, मोटोरोला यांत वेगवेगळे होते. गेम फार पळत असेल, तर सेटिंगमध्ये दर सेकंदाच्या फ्रेमना मर्यादा घाला.

जुना स्कोअर जार फाइलसोबत येत नाही. तो हँडसेटमध्ये वेगळा साठवलेला असे. पुढच्या लेव्हलसाठी एसएमएस मागणारे गेम तिथेच अडकू शकतात. एसएमएसची परवानगी देऊ नका.

जुनी कार्डे वापराविना पडूनही खराब होतात. त्यामुळे खेळण्याआधी जार फाइलची एक प्रत संगणकावर काढून ठेवा.